‘अंकुराची वाढ’ : एका मिनिटाचा काळ आणि प्रगतीची कल्पना

या टिपणात ज्या लघुपटाचा विचार करायचा आहे, तो तुम्हाला पाहता येणार नाही. त्याची एकही प्रत आज उपलब्ध नाही. धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढण्यापूर्वी कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला, त्याच्यासमोर कॅमेरा ठेवला आणि दाण्याचा वेल होईपर्यंतचा प्रवास चित्रित केला. लांबी जेमतेम एका मिनिटाहून थोडी जास्त. नाव ‘अंकुराची वाढ’. काही पुस्तकांत त्याचे साल १९१० असे दिलेले आढळते. पण बहुतेक चरित्रपर लेखनात तो फाळके १९१२ च्या एप्रिलमध्ये लंडनहून कॅमेरा घेऊन परतल्यानंतरचा मानला आहे, आणि पुढच्या घटनांशी तेच जुळते.

न पाहिलेल्या चित्रपटाची समीक्षा करता येते का, असा प्रश्न तुमच्या मनात येईल. येते, पण मर्यादा सांभाळून. प्रकाशयोजना, चौकटीतील मांडणी, पार्श्वभूमी यांविषयी आपण बोलू शकत नाही. मात्र चित्रपट कसा तयार झाला, कोणासाठी झाला आणि त्यात काळाचे काय केले गेले, हे आपल्याला माहीत आहे. आपला विषय ‘काळ आणि मानवी प्रगती’ हा आहे, आणि त्यासाठी एवढे पुरेसे आहे. काही वेळा तर चित्र डोळ्यांपुढे नसल्यामुळे त्यामागची रचना अधिक स्पष्ट दिसते.

आधी एक हिशेब करू. या लघुपटाविषयी जवळजवळ सर्वत्र एकच वाक्य पुनःपुन्हा छापले जाते : फाळके यांनी महिनाभराहून अधिक काळ रोज एक फ्रेम घेतली आणि एका मिनिटाहून थोडा मोठा चित्रपट तयार केला. हे वाक्य तुम्हीही परीक्षेत लिहाल. पण कागद-पेन्सिल घ्या. मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण १६ फ्रेम हा वेग धरला जातो. एका मिनिटाला ९६० फ्रेम लागतात. रोज एक फ्रेम घेतली तर महिन्याच्या ३० फ्रेम होतात, म्हणजे पडद्यावर दोन सेकंदसुद्धा नाहीत. वाक्यातील दोन अर्धे एकमेकांशी जमत नाहीत. एक मिनिट खरे असेल तर रोज एक फ्रेम खरे नाही.

मग काय घडले असेल? ९६० ला ३० ने भागा. रोजच्या ३२ फ्रेम येतात. त्या काळच्या हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यात मुठीच्या एका फेऱ्यात सर्वसाधारणपणे आठ फ्रेम पुढे जात. म्हणजे रोज मूठ चार वेळा फिरवली, दोन सेकंदांचे चित्रण केले आणि कॅमेरा बंद केला, तर महिनाअखेर बरोबर एक मिनिट होते. ही शक्यता सोपी आहे. माणसाला दिवसातून एकदाच कॅमेऱ्याजवळ जावे लागते. पण तिचा परिणाम पडद्यावर काय होईल? रोप दोन सेकंद स्थिर, मग एक उडी, पुन्हा दोन सेकंद स्थिर. वाढ दिसणार नाही, तीस छायाचित्रे दिसतील. दुसरी शक्यता अशी की, ३२ फ्रेम दिवसभर विखरून घेतल्या. अकरा तासांचा उजेड धरला तर दर वीस-एकवीस मिनिटांनी एक फ्रेम. तसे केले तरच कोंब माती बाजूला सारून वर येताना, वेलीची टोके आधार शोधत गोल फिरताना दिसतील. पण मग महिनाभर, दर वीस मिनिटांनी, कोणीतरी त्या कुंडीपाशी असायला हवे.

या दोहोंपैकी कोणती शक्यता खरी, यावर मी पैज लावणार नाही. फाळके छायाचित्रकार होते, मुद्रक होते, हौशी जादूगार होते. ‘वाढ’ दिसावी हा त्यांचा हेतू शीर्षकातच आहे, त्यामुळे माझा कल दुसऱ्या शक्यतेकडे आहे. पण निर्णयापेक्षा महत्त्वाचे हे की, दोन्हींत काळ वेगळ्या रीतीने कापला जातो. पहिल्या रीतीत तीस दिवस वेगवेगळे राहतात. दुसरीत ते वितळून एक होतात आणि प्रेक्षकाला वाटते की रोप आपोआप, अखंड, न थांबता वर आले. या दुसऱ्या रीतीला आज आपण टाइम-लॅप्स म्हणतो.

फाळके हे तंत्र शोधणारे पहिले नव्हेत. ही गोष्ट स्पष्ट लिहावी, देशाभिमानाने झाकू नये. जर्मनीत लाइपझिग येथे वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म फेफर यांनी शतकाच्या वळणावरच रोपांची वाढ अशा रीतीने चित्रित केली होती. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ यांचा फुले उमलण्याचा लघुपट १९१० चा. १९०१ मध्ये न्यूयॉर्कमधील स्टार थिएटर पाडले जात असताना समोरच्या बाजूला कॅमेरा ठेवून अनेक दिवसांचे पाडकाम काही क्षणांत दाखवणारा लघुपट निघाला होता. त्यातली गंमत अशी की, तो उलटाही दाखवता येई : आधी ढिगाऱ्यातून नाट्यगृह उभे राहते, मग ते पडते. हा मुद्दा लक्षात ठेवा, त्याचा आपल्याला पुढे उपयोग आहे.

फाळके यांचे वेगळेपण तंत्रात नसून प्रेक्षकांत आहे. फेफर यांनी विद्यार्थ्यांसाठी चित्रण केले, स्मिथ यांनी तिकीट काढून येणाऱ्यांसाठी. फाळके यांनी हा लघुपट मोजक्या माणसांना दाखवला, आणि हेतू भांडवल मिळवण्याचा होता. यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहारे यांच्यासारख्यांनी तो पाहून कर्ज देऊ केले आणि त्यातून ‘राजा हरिश्चंद्र’ उभा राहिला. तो ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागला. म्हणजे भारतीय चित्रपटधंद्याच्या मुळाशी सावकारापुढे ठेवलेला एक नमुना आहे. आता विषयाची निवड पाहा. कर्ज देणाऱ्याला काय दाखवावे? रेल्वे, मिरवणूक, कुस्ती, काहीही चालले असते. कॅमेरा चालतो एवढेच सिद्ध करायचे होते. फाळके यांनी दाणा निवडला. एक दाणा मातीत टाका, थांबा, त्याचा वेल होतो. भांडवल गुंतवणाऱ्या माणसाला याहून गोड दुसरे कोणते दृश्य असेल? स्वदेशीच्या वातावरणात, आपला धंदा आपल्या मातीत रुजेल का अशी शंका असताना, हे रूपक आणखी नेमके बसते. फाळके यांनी रूपक म्हणून हे योजले की हाताशी कुंडी होती म्हणून, हे मला महत्त्वाचे वाटत नाही. पाहणाऱ्याच्या मनात ते काम करणारच होते.

इथे एक जुनी भारतीय करामत आठवावी. रस्त्यावरचे जादूगार आंब्याची कोय मातीत पुरत, वर फडके टाकत, आणि थोड्या वेळाने फडके काढले की रोप, पुन्हा टाकले की आणखी मोठे रोप, अशी जादू करत. फाळके स्वतः ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने जादूचे प्रयोग करत (आडनाव उलटे वाचा). ही जादू त्यांना अपरिचित असणे कठीण आहे. दोन्हींत बी आहे, घाई आहे, चकित प्रेक्षक आहे. फरक असा की, जादूगार वाढ फडक्याखाली लपवतो आणि परिणाम दाखवतो. कॅमेरा नेमकी वाढच दाखवतो. म्हणून आपण जादूला फसवणूक आणि लघुपटाला सत्य म्हणतो. पण कॅमेऱ्याचेही एक फडके आहे. दोन फ्रेममधला वेळ त्याच्याखाली जातो : रात्री, पाणी घालणारा हात, कदाचित न उगवलेले आधीचे दाणे, आणि वीस मिनिटांनी पुन्हा उठून येणारा माणूस. फाळके यांच्या घरात चित्रपटनिर्मितीचे काम कोणी कोणी केले हे पुढच्या काळाविषयी नोंदलेले आहे. सरस्वतीबाई फाळके फिल्मला छिद्रे पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतची कामे करीत आणि शिवाय सर्वांचा स्वयंपाक सांभाळीत. अशा घरातल्या कुंडीची वाढ ‘आपोआप’ झाली असे पडद्याने दाखवले, यात टाइम-लॅप्सचा सगळा स्वभाव येतो.

फाळके यांच्यावर मात्र अन्याय करू नका. १९१७ मध्ये त्यांनीच ‘चित्रपट कसा तयार करतात’ हा लघुपट काढला आणि त्याचे काही भाग आज पाहता येतात. त्यात फाळके नटांना सूचना देताना आणि फिल्म हाताळताना दिसतात. जे फडक्याखाली होते ते त्यांनी स्वतःच बाहेर काढून ठेवले. माझ्या मते ‘अंकुराची वाढ’ आणि हा लघुपट एकत्र शिकवायला हवेत. सुटे शिकवले तर पहिला चमत्कार वाटतो आणि दुसरा नुसती माहिती.

आता कुंडीकडून सूर्याकडे जाऊ, आणि त्यासाठी बेंगळुरूला. कोरमंगलाच्या दुसऱ्या ब्लॉकमध्ये भारतीय खगोलभौतिकी संस्थेचे मुख्यालय आहे. कोरमंगला म्हटले की तुम्हाला नव्या कंपन्या, कॅफे आणि वाहतूक आठवते. पण या संस्थेकडे काळाची एक विलक्षण चित्रमालिका आहे. संस्थेच्या कोडाईकनाल वेधशाळेत १९०४ पासून सूर्याची छायाचित्रे घेतली जात आहेत, आकाश मोकळे असेल त्या दिवशी, शंभराहून अधिक वर्षे. काचेच्या पट्ट्या आणि फिल्म यांवरचा हा संग्रह आता डिजिटल करून सर्वांना खुला केला आहे. हायड्रोजनच्या तांबड्या प्रकाशातील नियमित छायाचित्रांची मालिका सुरू झाली ती १९१२ मध्ये, म्हणजे फाळके कॅमेरा घेऊन परतले त्याच वर्षी. आणखी एक योगायोग महाराष्ट्राशी जोडलेला आहे. पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून महाराजा तख्तसिंगजी वेधशाळा उभारली होती. ती १९१२ मध्येच बंद झाली आणि तिची २० इंची दुर्बीण कोडाईकनालला गेली. या योगायोगातून काही सिद्ध होत नाही, पण एकाच वर्षी मुंबईत एक माणूस कुंडीसमोर आणि दक्षिणेतल्या डोंगरावर काही माणसे सूर्यासमोर ठरावीक अंतराने झडप उघडत होती, हे डोळ्यांपुढे आणण्याजोगे आहे.

फाळके यांच्याविषयी जे चुकीचे लिहिले जाते, ते इथे अक्षरशः खरे करता येते : रोज एक फ्रेम. शंभर वर्षांच्या साधारण ३६,५०० फ्रेम होतात. आजच्या सेकंदाला २४ फ्रेम या वेगाने त्या जोडल्या तर सुमारे २५ मिनिटांचा चित्रपट होतो. महोत्सवांच्या नियमांत तो लघुपटच ठरेल! त्यात एक वर्ष पंधरा सेकंदांत संपते. पृथ्वीवरून पाहताना सूर्य साधारण २७ दिवसांत स्वतःभोवती फिरतो, म्हणजे पडद्यावर सेकंदाला जवळजवळ एक फेरी. एखादा सौरडाग अर्ध्या सेकंदात तबकडी ओलांडून जाईल. डाग वाढण्याचे आणि ओसरण्याचे चक्र सुमारे अकरा वर्षांचे. ते पावणेतीन मिनिटांत पुरे होईल. सुरुवातीला डाग विषुववृत्तापासून दूर, दोन्ही बाजूंना दिसू लागतील, मग हळूहळू विषुववृत्ताकडे सरकत जातील, विरळ होतील, आणि पुन्हा दूरवर नवे डाग. पंचवीस मिनिटांत असे नऊ वेळा.

तंत्र एकच आहे. पण कुंडीतला काळ एका दिशेने जातो. त्याला सुरुवात आहे, चढ आहे, आणि वेल झाला की ‘समाप्त’ म्हणता येते. सूर्याचा काळ फिरतो. पंचविसाव्या मिनिटाला सूर्य पहिल्या मिनिटापेक्षा पुढे गेलेला नसतो. ‘टाइम-लॅप्स प्रगती दाखवतो’ असे जे सर्रास म्हटले जाते ते म्हणून अपुरे आहे. टाइम-लॅप्स बदल दाखवतो. त्याला प्रगती म्हणायचे की नाही, हे कॅमेरा केव्हा सुरू केला आणि केव्हा बंद केला यावर ठरते. फाळके यांनी आणखी दोन महिने कॅमेरा चालू ठेवला असता तर वेल पिवळा पडून वाळताना दिसला असता. त्या चित्रपटावर कोणी कर्ज दिले असते का?

आता स्टार थिएटरचा उलटा चित्रपट आठवा. काळ आणि प्रगती यांवरचा कोणताही लघुपट तपासताना मी विद्यार्थ्यांना एक साधी चाचणी सुचवतो : तो मनातल्या मनात उलटा चालवा. इमारतीचा उलटा चालवला तर बांधकामाचे पाडकाम होते, आणि दोन्ही तितकेच सहज दिसतात. म्हणजे दिशा चित्रात नव्हती, आपण ती पुरवली होती. वाटाण्याचा उलटा चालवला तर वेल मातीत शिरून दाणा होतो, आणि प्रेक्षक हसतो, कारण जिवंत वस्तूची दिशा त्याला ठाऊक असते. सूर्याचा उलटा चालवला तर सामान्य प्रेक्षकाला कळणारही नाही. जाणकार मात्र डाग विषुववृत्ताकडून दूर पळताना पाहून चूक पकडेल. तीन चित्रपट, तीन उत्तरे. एखादा लघुपट मानवजात पुढे जात असल्याचे सांगत असेल, तर ते त्याच्या दृश्यांत आहे की फक्त त्यांच्या क्रमात आणि खालच्या संगीतात, हे या चाचणीने बऱ्यापैकी उघड होते. गुहा, चाक, यंत्र, अग्निबाण, चकचकीत शहर अशी दृश्ये तीन मिनिटांत जोडणारे लघुपट तुम्ही डझनाने पाहिले असतील. त्यांतले बहुतेक या चाचणीत नापास होतात.

कोडाईकनालच्या संग्रहाचा आणखी एक गुण चित्रपटाच्या विद्यार्थ्याने शिकण्यासारखा आहे. पावसाळ्यात ढग येतात आणि छायाचित्र घेता येत नाही. त्या दिवसाची जागा रिकामी राहते. वैज्ञानिक ती जागा शेजारच्या दिवसाच्या चित्राने भरून टाकत नाहीत. निदान तसे केल्याचे सांगितल्याशिवाय नाही. आपला काल्पनिक पंचवीस मिनिटांचा चित्रपट प्रामाणिकपणे केला तर तो दरवर्षी पावसाळ्यात काळा पडून लुकलुकेल. मला तो तसाच आवडेल. ‘इथे आम्हाला दिसले नाही’ असे सांगणारी काळी फ्रेम टाइम-लॅप्समध्ये फार दुर्मीळ आहे.

तिच्या अभावाने काय होते, हे पाहायला त्याच कोरमंगलातून चालत जा. केंद्रीय सदन ते एजीपुरा या सुमारे अडीच किलोमीटरच्या उड्डाणपुलाचे काम २०१७ मध्ये सुरू झाले आणि ते २०१९ पर्यंत पुरे व्हायचे होते. २०२२ मध्ये कंत्राट रद्द झाले. पुढे नवे कंत्राट देऊन काम पुन्हा हाती घेतले गेले. मधल्या काळात रस्त्याच्या मधोमध नुसते खांब उभे होते आणि त्यांच्या बाजूंनी वाहने वाट काढत होती. आता समजा, पहिल्या दिवसापासून एका गच्चीवर कॅमेरा आहे. पूल पुरा झाल्यावर कोणीतरी त्या चित्रणाचा दोन मिनिटांचा लघुपट करेल. संकलक पहिली गोष्ट कोणती करेल? काहीच न घडलेली वर्षे कापून टाकेल, कारण ती ‘कंटाळवाणी’ आहेत. उरलेल्या चित्रात खांब झपाझप वर येतील, तुळया बसतील, दिवे लागतील आणि पूल वाटाण्यासारखा उगवेल. आणि त्या रस्त्यावर दुकान चालवणाऱ्याच्या, रोज बसची वाट पाहणाऱ्याच्या आयुष्यातला जो काळ खरोखर गेला, तो नेमका कापलेल्या भागात असेल. खरे तर स्थिर खांबांची ती वर्षे न कापता ठेवली तर तोच या शहराविषयीचा सर्वांत बोलका लघुपट होईल, फक्त त्याला प्रायोजक मिळणार नाही.

ही निवड आता संकलकाच्या हातातही राहिलेली नाही. काही फोनमधला टाइम-लॅप्स तुम्ही जितका जास्त वेळ चित्रण कराल तितके फ्रेममधले अंतर आपोआप वाढवतो, जेणेकरून दहा मिनिटांचे असो की दहा तासांचे, चित्रण अर्ध्या मिनिटाच्या आसपासच भरावे. फाळके यांना किती वेळाने मूठ फिरवायची हे ठरवावे लागले होते. आज तो निर्णय यंत्र घेते आणि विचारतही नाही.

भारतीय लघुपटाच्या इतिहासात या मार्गावर आणखी नावे आहेत. फाळके यांनीच पुढे ‘आगकाड्यांची मौज’ मध्ये निर्जीव काड्यांना फ्रेमगणिक हलवून जिवंत केले. प्रमोद पती यांनी फिल्म्स डिव्हिजनमध्ये राहून १९७० च्या ‘ट्रिप’मध्ये फ्रेम वगळण्याचे हेच तंत्र मुंबईच्या गर्दीवर वापरले, आणि तिथे वेगाचा अर्थ प्रगती न होता क्षणभंगुरता होतो. सरकारी संस्थेच्या पैशातून असा लघुपट निघाला हे आज वाचताना थोडे आश्चर्य वाटते. एस. एन. एस. शास्त्री यांच्या ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ (१९६७) मध्ये तर तंत्राची करामत जवळजवळ नाहीच. १९४७ मध्ये जन्मलेल्या तरुणांना स्वातंत्र्याच्या वीस वर्षांविषयी प्रश्न विचारले आहेत, आणि देशाचा काळ माणसांच्या वयाने मोजला आहे. तुम्ही साधारण त्याच वयाचे आहात, म्हणून तो आधी पाहा. तो पाहताना कोणाची उत्तरे लांब ठेवली आहेत आणि कोणाची एका वाक्यावर कापली आहेत, याची वहीत नोंद करा.

स्वाध्यायासाठी एवढे करा. एक वाटाणा, हरभरा, जे मिळेल ते भिजवून कुंडीत लावा. फोनमधला टाइम-लॅप्स वापरू नका. साधे छायाचित्र घ्या, ठरावीक वेळी, दिवसातून चार वेळा, महिनाभर, आणि ज्या वेळी चुकले त्या वेळी काळी फ्रेम घाला. शेवटी चित्रपटाबरोबर एक कागद जोडा : कोणत्या फ्रेमच्या वेळी तुम्ही कुठे होता, पाणी कोणी घातले, आणि किती दाणे उगवलेच नाहीत.